इंदूरच्या माणसाने पालेर्मोत कसं खायचं, घरातल्या शाकाहारी मंडळींसकट

इटलीला निघालेल्या इंदूरच्या मराठी मंडळींना मी नेहमी एकच सांगते, रोम, व्हेनिस, फ्लॉरेन्स सगळं करा, पण शेवटी तीन-चार दिवस काढून सिसिलीत पालेर्मोला जा, आणि टूरवाल्यांना सांगून तेवढ्या दिवसांचं ते इंडियन डिनर काढून टाका. पालेर्मोचं खरं खाणं टेबल-खुर्चीवर नाहीच, ते गल्लीत, बाजारात, गाडीवर, कढईसमोर उभं राहून खायचं आहे, आणि सराफ्यात उभं राहून खात मोठ्या झालेल्या माणसाला तिथे अर्ध्या दिवसात सगळं समजतं.

आता सगळ्यात महत्त्वाचं. पालेर्मोत प्रत्येक पदार्थाला वेळ आहे, ऋतू आहे आणि जागा आहे. आपल्याला हे कोणी शिकवायला नको, पोहे-जिलबी सकाळीच, गराडू थंडीतच, सराफ्यात सोन्या-चांदीच्या दुकानांची शटरं पडल्याशिवाय खाण्याची दुकानं लागत नाहीत. पण परदेशात गेलं की आपण हे विसरतो आणि फोनवर 'बेस्ट टेन' काढून भर दुपारी चार वाजता बाजारात पोचतो, तोवर तिथे गल्ली धुऊन झालेली असते आणि मग म्हणतो की काही विशेष नाही बुवा. म्हणून खाली सगळं वेळेप्रमाणे लिहिलंय, त्या क्रमाने गेलात तर दोन दिवसांत पालेर्मोचं बरंचसं खाऊन होईल.

पोचायचं कसं ते थोडक्यात. इंदूरहून थेट काही नाही, दिल्ली किंवा मुंबईहून रोम नाहीतर मिलान आणि तिथून पालेर्मोचं छोटं विमान. वेळ असेल तर रोमहून ट्रेनने जा, बराच लांबचा प्रवास आहे पण मेस्सिनाच्या सामुद्रधुनीला आली की अख्खी ट्रेन डबे सुटे करून बोटीत चढवतात आणि पलीकडे उतरवतात, मुलं बरोबर असतील तर हे दाखवाच. राहायला जुन्या शहरात क्वात्रो कांती या चौकाच्या आसपास घ्या म्हणजे सगळे बाजार पायी होतात.

आधी शाकाहाराचं बोलून घेऊ

आपल्या रामबागेतल्या घरांमध्ये कसं असतं, मुलगा सगळं खातो, सून मासे खाते मटण नाही, आई अंडंसुद्धा नाही, आणि सगळे एकत्र निघालेले असतात. पालेर्मो अशा कुटुंबाला छान सांभाळून घेतं, फक्त काय कुठे लपलेलं आहे ते माहीत पाहिजे. 'मी शाकाहारी आहे' एवढंच सांगून भागत नाही, कारण बऱ्याच ठिकाणी चिमूटभर मासळी किंवा हॅमचा तुकडा हा त्यांच्या हिशेबात मसाल्यासारखा असतो, त्यात त्यांचा काही वाईट हेतू नसतो. तेव्हा नाव घेऊन विचारा.

चार गोष्टी लक्षात ठेवा. पहिली अच्चूगा, म्हणजे खारवलेली छोटी मासळी, ती टोमॅटोच्या सॉसमध्ये विरघळून जाते त्यामुळे दिसत नाही, स्फिंच्योने या जाड सॉसवाल्या रोटीमध्ये असते, फ्लॉवरच्या पास्त्यात असते, तेल-टोमॅटो लावलेल्या पावात असते. दुसरी प्रोश्युत्तो म्हणजे हॅम, आणि इथे सगळ्यात जास्त लोक फसतात, कारण अरांचिना म्हणजे तळलेला भाताचा गोळा, त्यातली आल बुर्रो म्हणजे बटरवाली असं ऐकून शाकाहारी माणूस ती घेतो आणि आत हॅम निघतं. तिसरी स्त्रुत्तो, डुकराची चरबी, ही पिठात मळलेली असते, कान्नोली या मिठाईच्या तळलेल्या नळीत परंपरेने असते, ब्रियोश नावाच्या बऱ्याच मऊ पावांमध्ये आणि फरसाणाच्या दुकानातल्या भरलेल्या पावांमध्ये असते. चौथं चीज, तिकडच्या पारंपरिक चीजमध्ये दूध फाडायला जनावराच्या पोटातलं रेनेट वापरतात, काचोकावाल्लो असो की पेकोरिनो, त्यामुळे ज्यांना हेही चालत नाही त्यांनी चीजच टाळावं आणि रिकोटाही, कारण तो त्याच चीजच्या उरलेल्या पाण्यातून निघतो.

विचारायचं कसं? बाईने म्हणायचं सोनो वेजेतारियाना, पुरुषाने सोनो वेजेतारियानो, आणि मग पदार्थाकडे बोट दाखवून चे अच्चूगा, चे प्रोश्युत्तो, चे स्त्रुत्तो, म्हणजे यात हे आहे का. अंड्यासाठी चे उओवो. नको असेल तर सेन्त्सा लावायचं, सेन्त्सा अच्चूगा. एवढ्यावर काम होतं, आणि पालेर्मोची माणसं खाण्याबद्दल कोणी नीट विचारलं की खूश होतात, आपलं काम थांबवून सांगतात, शेजारचा गिऱ्हाईकसुद्धा मध्ये बोलतो. हे फार आपल्यासारखं आहे.

आणि हो, पोह्यांवर टाकायच्या जिरावन मसाल्याची डबी घरीच राहू द्या. मी स्वतः जिरावनशिवाय पोहे खात नाही, पण तिकडची चव लिंबू, मीठ, बडीशेपेचा पाला, ओरेगानो यांच्यावर उभी आहे, ती आधी तशीच चाखायला हवी.

सकाळ

सकाळी हॉटेलचा ब्रेकफास्ट घेऊ नका, खाली उतरा आणि जवळच्या बारमध्ये जा. तिकडे बार म्हणजे कॉफीचं दुकान, आजींना आधीच सांगून ठेवा नाहीतर त्या दारातच थांबतील. बऱ्याच ठिकाणी आधी गल्ल्यावर पैसे देऊन पावती घ्यायची, ती काउंटरवर ठेवायची आणि ऑर्डर सांगायची. कॉफीबरोबर पाण्याचा छोटा ग्लास देतात, तो कॉफीच्या आधी प्यायचा, तोंड स्वच्छ व्हावं म्हणून. उभं राहून प्यायलात तर स्वस्त, खुर्चीवर बसलात की दर वाढतो. दुधाची कॉफी सकाळीच, जेवणानंतर कापुचिनो मागितली तर देतील, पण तिकडे कोणी तशी पीत नाही.

उन्हाळ्यात गेलात तर सकाळचा नाश्ता म्हणजे ग्रानिता आणि ब्रियोश. ग्रानिता म्हणजे बर्फाचा गोळा नव्हे, साखर-पाणी आणि फळाचा रस ढवळत ढवळत गोठवलेला असतो, चमच्याने घेतला की बारीक रवाळ लागतो. लिंबाचा, बदामाचा, काळ्या तुतीचा, कॉफीचा, कॉफीवाल्यावर वरून साय फेटून घालतात. जुन्या काळी यासाठी मादोनिए आणि एटनाच्या डोंगरांवरचा बर्फ खड्ड्यांमध्ये दाबून साठवायचे आणि उन्हाळ्यात खाली शहरात आणायचे. तुतीचा ग्रानिता मिळाला तर दुसरं काही घेऊ नका, जेल्सी असं मागायचं, त्याचा सीझन छोटा असतो. ब्रियोश हा गोल मऊ पाव, डोक्यावर छोटी गुंडी, ती गुंडी तोडून ग्रानितात बुडवून खायची. अंडं असतं त्यात, ज्यांना चालत नाही त्यांनी नुसता ग्रानिता घ्यावा, काही बिघडत नाही.

नऊ ते एक, बाजार

पालेर्मोत तीन जुने बाजार आहेत, बाल्लारो, कापो आणि वुच्चिरिया. खायला आणि बघायला बाल्लारो सगळ्यात जिवंत, कापो थोडा आटोपशीर, पोर्ता कारीनीच्या दरवाज्यातून आत शिरलं की थेट भाज्यांच्या राशी. वुच्चिरिया दिवसा आता बराच रिकामा असतो, तो रात्रीसाठी ठेवा. एक सकाळ बाल्लारोला द्या आणि नऊ-साडेनऊलाच पोचा, रविवारी लवकर आवरतात.

बाल्लारोत शिरल्यावर लगेच काही विकत घेऊ नका, एक पूर्ण फेरी मारा. वर लाल-पिवळी ताडपत्री, खाली ओल्या फरश्या, आणि प्रत्येक ठेलेवाला गाण्यासारखं ओरडत असतो, त्या ओरडण्याला अब्बान्नियाता म्हणतात आणि ती तिथली फार जुनी पद्धत आहे. माशांच्या भागात बर्फावर तलवारमासा डोक्यासकट उभा केलेला असतो, आईंना तो भाग नको असेल तर सरळ भाज्यांच्या बाजूने न्या.

आता भाज्यांच्या ठेल्यांवर बघा, तिथे एक फिकट हिरवी लांबच लांब भाजी दिसेल, हातभर नाही, कधीकधी माणसाच्या कंबरेएवढी उंच. तो दुधी आहे. तिकडे कुकुत्सा म्हणतात, आपल्याच दुधीची जात. आणि त्याच्या शेजारी वेलीचे कोवळे शेंडे आणि पानं यांच्या जुड्या रचलेल्या असतात, त्या तेनेरूमी. आपण दुधी खातो आणि वेल टाकून देतो, ते लोक वेलीच्या शेंड्यांसाठी वाट बघतात. उन्हाळ्यात साध्या घरगुती खानावळीत पास्ता को इ तेनेरूमी मागा, टोमॅटो, लसूण, ती पानं आणि तुकडे केलेली स्पॅगेटी असं पातळसर असतं, वरून चीज नको म्हटलं की पूर्ण शाकाहारी. मला पालेर्मोच्या सगळ्या जेवणात हे सगळ्यात जास्त आवडतं, आणि टूरिस्ट लोकांपैकी फारच थोडे ते मागतात.

बाजारातच तयार भाज्याही मिळतात, हे लोकांना माहीत नसतं. मोठ्या परातीत भट्टीत भाजलेले अख्खे कांदे, सालीसकट काळपट झालेले, आतून गोड आणि मऊ. उकडलेले बटाटे, थंडी-वसंतात उकडलेले आर्टिचोक. तिथल्या बायका घरी जाताना ते घेऊन जातात आणि तेल-व्हिनेगर टाकून जेवायला वाढतात. तुम्ही एक कांदा, दोन बटाटे, शेजारून ऑलिव्ह आणि तीळ लावलेला पाव घेतलात की एका माणसाचं जेवण झालं, तेही अगदी थोड्या पैशांत. तोलून घ्यायचं असेल तर उन एत्तो म्हणजे शंभर ग्रॅम, दुए एत्ती म्हणजे दोनशे. सुट्टे पैसे जवळ ठेवा, ठेल्यावर कार्ड चालेलच असं धरून चालू नका.

आणि भाजलेले चणे! कालिया ए सिमेन्त्सा म्हणून कागदाच्या पुडीत देतात, कालिया म्हणजे आपले फुटाणे आणि सिमेन्त्सा म्हणजे खारवलेल्या भोपळ्याच्या बिया. जत्रेत, समुद्रावर, संध्याकाळी फिरताना लोक तेच खात असतात.

पानेल्ले

आता मुख्य गोष्ट. पालेर्मोत एकच पदार्थ खायला वेळ असेल तर पानेल्ले खा, बाकी सगळं सोडा. चण्याचं पीठ पाण्यात कालवून घोटतात, मीठ आणि पार्सली घालतात, घट्ट झालं की पातळ थापून गार करतात, वड्या पाडतात आणि तळतात. म्हणजे आपली पाटवडी, फक्त फोडणी नाही आणि शेवटी कढईत गेली. अंडं नाही, दूध नाही, चरबी नाही, आजींना बिनधास्त द्या. फक्त त्याच तेलात मासळी तळतात का ते विचारून घ्या, जिथे फक्त भाज्या आणि पानेल्लेच तळतात अशी दुकानं आणि गाड्याही आहेत.

दुकानाला फ्रिज्जितोरिया म्हणतात. कसं निवडायचं? जिथे तळून ठेवलेला ढीग काचेमागे पडलेला आहे तिथे थांबू नका. जिथे माणूस समोर कढई घेऊन उभा आहे आणि चार लोक त्याच्या हाताकडे बघत थांबलेत तिथे थांबा. मी बराच वेळ अशाच एका कढईसमोर उभी राहून बघितलंय. वडी आत जाते तेव्हा फिकट पिवळी, जेमतेम चार-पाच मिलिमीटर जाडीची, क्षणभर तळाशी बसते, मग कडा वर उचलतात, मध्ये एखादा फुगा येतो, आणि रंग सोनेरी झाला रे झाला की झाऱ्याने बाहेर, लालसर होऊ द्यायचं नाही कारण मग ती कडक होते. बाहेरचा पापुद्रा कुरकुरीत आणि आत अजून मऊ, जवळजवळ मलईसारखं, हे दोन्ही एका घासात आलं पाहिजे. तळल्यावर पाच मिनिटांत खाल्ली तरच.

मग तो माणूस तिळाचा गोल पाव मधून चिरतो, त्यात सात-आठ वड्या एकावर एक, मीठ, आणि विचारतो लिमोने? हो म्हणायचं. काही लोक म्हणतात लिंबू नको, मिरपूडच, पण मला वाटतं लिंबाशिवाय हे अर्धवट आहे, चण्याच्या पिठाला आंबट लागतंच. बरोबर क्रोक्के घ्या, बटाट्याची लांबट छोटी वडी, पुदिना किंवा पार्सली घातलेली, तीही त्याच पावात घालून देतात. क्रोक्केत कुठे कुठे चीज किंवा अंडं असतं, विचारा. आणि नशीब असेल तर रास्कातुरा मिळेल, म्हणजे पानेल्ले आणि क्रोक्केचं भांड्याला चिकटलेलं पीठ खरवडून एकत्र करून तळतात, काही वाया घालवायचं नाही म्हणून निघालेला पदार्थ आणि चवीला सगळ्यात दाट.

मांस-मासे खाणाऱ्यांसाठी

यांच्यासाठी पालेर्मो म्हणजे खजिना, पण मी इथे थोडक्यात सांगते. पानी का मेउसा, वासराची प्लीहा आणि फुप्फुस उकडून चरबीत परतून पावात, नुसतं लिंबू पाहिजे तर स्केत्तू म्हणायचं, वर रिकोटा-चीज पाहिजे तर मारितातू. आंतिका फोकाच्चेरिया सान फ्रांचेस्को नावाचं 1834 सालचं दुकान यासाठी प्रसिद्ध आहे, आत बसायलाही जागा आहे. संध्याकाळी गल्लीच्या तोंडाशी धूर दिसला तर ती स्तिग्गिओला, कांद्याच्या पातीभोवती गुंडाळलेली आतडी निखाऱ्यावर. आणि सुनेसाठी पास्ता को ले सार्दे, ताजी सार्डीन, रानबडीशेपेचा पाला, बेदाणे, चिलगोजे, केशर. मासळीबरोबर बेदाणे हे ऐकायला विचित्र वाटतं पण पालेर्मोची ओळख करून द्यायची तर मी याच ताटापासून सुरुवात करेन.

दुपार, म्हणजे जेवा आणि झोपा

दुपारी एकनंतर शहर हळूहळू बंद होतं, चारपर्यंत दुकानं उघडत नाहीत. तेव्हा एखाद्या छोट्या खानावळीत बसा, ती तिकडे त्रात्तोरिया. बिलात कोपेर्तो म्हणून माणशी थोडे युरो लागतात, पाव आणि टेबलाचे, भांडू नका, पद्धतच आहे.

इथे कापोनाता मागायची. वांगी तळून घेतात, सेलरीचे देठ, कांदा, टोमॅटो, ऑलिव्ह, केपर, आणि शेवटी व्हिनेगर आणि साखर. गार खातात, केल्याच्या दुसऱ्या दिवशी जास्त चांगली लागते. आंबट-गोडाची सवय असलेल्या मराठी जिभेला ही पहिल्या घासात पटते, मला तर बरोबर पोळी असती तर बरं असं वाटलं होतं.

हे आंबट-गोड, बेदाणे, केशर, बदाम, साखर कुठून आलं ते जेवताना मुलांना सांगा. 831 साली अरबांनी पालेर्मो घेतलं आणि 1072 मध्ये नॉर्मन आले तोवर शहर त्यांच्याकडे होतं, लिंबू, कडू संत्री, ऊस, पाटाच्या पाण्याची शेती हे सगळं त्या काळातलं. नंतर नॉर्मन राजा रॉजर दुसरा याच्या दरबारात अल-इद्रीसी नावाचा अरब भूगोलकार होता, त्याने 1154 मध्ये लिहून ठेवलंय की पालेर्मोजवळ त्राबिया गावी गव्हाच्या शेवयांसारखा पदार्थ भरपूर बनतो आणि जहाजांतून बाहेर जातो. म्हणजे पास्त्याची एवढी जुनी नोंद इथली आहे. ज्या अरब-नॉर्मन इमारती 2015 पासून युनेस्कोच्या यादीत आहेत त्यातल्या बऱ्याच इथून चालण्याच्या अंतरावर आहेत, जेवून थेट तिथे जा.

संध्याकाळ, गाडी आणि गोड

पाचनंतर कान उघडे ठेवा. तीन चाकी आपे गाडीवर लाउडस्पीकरची रेकॉर्ड लागते आणि ती सावकाश गल्लीतून जाते, तीच आपे जी आपल्याकडे मंडीत भाजी वाहते आणि बारामतीच्या कारखान्यात बनते. मागच्या काचेच्या पेटीत स्फिंच्योने असतं, जाड स्पंजासारखी रोटी, वर टोमॅटो-कांद्याचा शिजवलेला सॉस, काचोकावाल्लो चीज आणि भाजलेला पावाचा चुरा. तो गाडीवरच गरम करतो, वर तेलाची धार आणि ओरेगानो. अच्चूगा विचारा, बहुतेक असतेच. शाकाहारींनी यावर रुसू नका, दुसऱ्या गल्लीत पानेल्ले आहेतच.

अरांचिना पण आत्ताच. केशर घातलेल्या भाताचा मुठीएवढा गोळा, चुरा लावून तळलेला. दोन पारंपरिक प्रकार, मांसाच्या खिम्याच्या रश्श्याची आणि ती बटर-हॅमची, दोन्ही आपल्या आईंना नाहीत, पण पालक-मोझरेलाची बऱ्याच दुकानांत असते, स्पिनाची म्हणून विचारा. गरम नसेल तर घेऊ नका.

आता गोड. पियात्सा बेल्लिनी या चौकात सांता कातेरिना नावाचा जुना मठ आहे, आतमध्ये मिठाईचं दुकान आहे जिथे शहरातल्या वेगवेगळ्या मठांमधल्या नन्सच्या जुन्या कृती करून विकतात. पूर्वी या नन्स भिंतीतल्या फिरत्या कपाटातून मिठाई बाहेर द्यायच्या, चेहरा न दाखवता. मिठाई घ्यायची आणि अंगणात कारंज्यापाशी बसून खायची. पालेर्मोत मला सगळ्यात शांत वाटलेली जागा हीच.

कान्नोली घ्यायची तर एकच नियम, तुमच्यासमोर भरली पाहिजे. आधीच भरून ठेवलेली नळी ओल धरते आणि चामट होते. चांगल्या नळीवर तळताना उठलेले बारीक फोड असतात, बोटाने दाबली की ती टचकन मोडते. आत मेंढीच्या दुधाचा रिकोटा, चाळणीतून दाबून काढलेला, साखर मिसळलेला, आणि टोकाला संत्र्याच्या सालीची मुरवलेली पट्टी. रिकोटा थंडी ते वसंत या दिवसांत सगळ्यात चांगला, कारण तेव्हा डोंगरावर गवत असतं. ज्यांना स्त्रुत्तो नको त्यांनी नुसता रिकोटा वाटीत मागा, देतात, आणि वर पिस्ता.

कसाता ही आपल्या लग्नांतली कसाटा आइस्क्रीम नव्हे, हा केक आहे, रिकोटा, बदामाचं हिरवं मार्झिपान, वर साखरेचा थर आणि मुरवलेली फळं. खूप गोड, एक तुकडा चौघांत पुरतो. अंडं न खाणाऱ्यांसाठी दोन हक्काच्या गोष्टी आहेत. एक मार्तोराना फळं, बदाम आणि साखरेची, हुबेहूब खऱ्या फळांसारखी रंगवलेली, 2 नोव्हेंबरच्या मृतांच्या दिवशी मुलांना देतात पण दुकानात एरवीही असतात. दुसरं जेलो दी मेल्लोने, कलिंगडाचा रस स्टार्चवर आटवून गार केलेला, जाईचा वास आणि पिस्ता, उन्हाळ्यातच. जिलेटिन नाही ना एवढं विचारून घ्या, खऱ्या कृतीत नसतं.

रात्री वुच्चिरियात जा, पण लवकर जा, साडेआठ-नऊपर्यंत, नंतर तिथे तरुण मुलांची पिण्याची गर्दी आणि मोठा आवाज असतो. पिण्याबद्दल सांगायचं तर पालेर्मोची खास गोष्ट वाइन नव्हे, आक्वा ए त्सम्मू आहे. थंड पाण्याच्या ग्लासात बडीशेपेच्या वासाच्या अर्काचे दोन-चार थेंब टाकतात आणि स्वच्छ पाणी डोळ्यांदेखत दुधाळ होतं. हा अर्क तुतोने नावाचं घराणं 1813 पासून बनवतंय. अर्कात अल्कोहोल आहे, थोडं का असेना, त्यामुळे न घेणाऱ्यांना आधी सांगा, त्यांच्यासाठी लात्ते दी मान्दोर्ला म्हणजे थंड बदामाचं दूध आहे आणि तेही फार सुंदर असतं. वाइन घेणाऱ्यांनी लाल नेरो दाव्होला घ्यावी, जेवणानंतर छोटासा मार्साला, ज्याचा व्यापार 1773 मध्ये वुडहाउस नावाच्या इंग्रज व्यापाऱ्याने सुरू केला, आणि गोडाबरोबर पांतेल्लेरिया बेटाची पास्सीतो.

कधी जायचं

एप्रिल ते जून किंवा सप्टेंबर-ऑक्टोबर. ऑगस्टच्या मध्यात नको, 15 ऑगस्टच्या आसपास निम्मी छोटी दुकानं सुट्टीवर असतात. सणाचं बघायचं तर 14 जुलैच्या रात्री सांता रोसालियाची मोठी मिरवणूक असते, 1624 च्या प्लेगमधून तिने शहर वाचवलं अशी श्रद्धा आहे, त्या रात्री रस्त्यावर उकडलेली मक्याची कणसं, कलिंगड आणि ते चणे-बिया. 19 मार्चला वाळलेल्या बाकला शेंगांच्या दाण्यांचं घट्ट माक्को करतात. आणि 13 डिसेंबर, सांता लुचिया. त्या दिवशी पालेर्मोत पाव आणि पास्ता कोणी खात नाही, दुष्काळात धान्याचं जहाज आलं आणि भुकेल्या लोकांनी दळण्याची वाट न बघता गहू तसाच उकडून खाल्ला त्याची आठवण म्हणून. दिवसभर अरांचिना, पानेल्ले, आणि कुच्चिया, म्हणजे उकडलेले अख्खे गहू, रिकोटा आणि साखर घालून. थंडीत जायचं असेल तर ही तारीख धरूनच तिकीट काढा, एकादशीला साबुदाणा-भगर खाणाऱ्या आपल्या घरांना त्या दिवसाची गंमत लगेच कळेल.

घरी काय आणायचं आणि इंदूरात काय करायचं

मिठात घातलेले पांतेल्लेरियाचे केपर, ओरेगानोची देठासकट वाळवलेली जुडी, ब्रोंतेचा पिस्ता, मार्तोराना फळांचा डबा. रिकोटा, चीज काही आणू नका, प्रवासात टिकत नाही.

पानेल्ले मात्र घरी करता येतात, बाजारातलं नेहमीचं बेसन चालतं, बारीक दळलेलं घ्या आणि चाळून घ्या. 250 ग्रॅम बेसनाला 750 मिली गार पाणी. पाणी थोडं थोडं घालत कालवा, गुठळी राहता कामा नये, राहिलीच तर चाळणीतून गाळा. एक चमचा मीठ, मग मध्यम आचेवर ठेवा आणि एका हाताने सारखं ढवळत राहा, साधारण वीस मिनिटं, थांबलात की तळाला लागतं. कडा सोडून गोळा एकत्र फिरायला लागला की झालं, तेव्हा मूठभर बारीक चिरलेली पार्सली घाला, छप्पन दुकानच्या आसपास भाजीवाल्यांकडे कधी मिळते, नाहीतर कोथिंबीर. हळद, हिंग, ओवा काही नाही. गरम असतानाच तेल लावलेल्या ताटाच्या पाठीवर पातळ पसरा, जाडी पाटवडीपेक्षा निम्मी. पूर्ण गार होऊ द्या, गडबड केली तर तेलात फुटतात. मग चौकोनी कापा आणि चांगल्या तापलेल्या तेलात थोड्या थोड्या तळा, एकमेकांवर पडू देऊ नका. बेकरीचा तीळ लावलेला बन मिळाला तर उत्तम, नाहीतर साधा पाव, त्यात सहा-सात वड्या, मीठ, ताजी मिरपूड, लिंबू. न तळलेल्या वड्या डब्यात घालून फ्रिजमध्ये दोन दिवस राहतात, पाहुणे आले की काढायच्या, कपड्याने पुसायच्या आणि सरळ तेलात सोडायच्या.